सरूबाईच्या जागी विजयाअक्का

स्वतःला आधी कापायचं, हा विजयाअक्काचा नियम होता. ज्या सिनेमाचं एडिटिंग तिच्याकडं असायचं, त्यात तिला बहुतेक वेळा एखादं काम पण मिळायचं. कुणाची तरी सासू, कुठल्या तरी दवाखान्यातली नर्स, एकदा आठवडी बाजारात बांगड्या भरणारी. एडिटिंगला बसली की आधी स्वतःचे शॉट काढायची आणि अर्धे उडवून टाकायची. "दिग्दर्शक तोंडावर बोलत न्हाई गं. म्हणून आपणच आपल्याला हाकलायचं," म्हणायची. आम्ही हसायचो. हातात कात्री असून जी बाई ती आधी स्वतःवर चालवते, तिच्यावर विश्वास ठेवायचा नाही तर कुणावर?

मी संघटनेची पत्रकं लिहिते. बिदरच्या बाहेर कोळारला जे कारखाने आहेत, तिथं कंत्राटावर राबणाऱ्यांची ही संघटना. पत्रकात माणूस आपल्या बाजूचा असतो नाहीतर समोरच्या. एका पानात तिसरी जागा नसते. विजयाअक्का त्या पानात बसेना, म्हणून हे लांब लिहिणं.

तिची खोली जुन्या गावात, एका पिठाच्या गिरणीच्या माडीवर. गिरणी सुरू झाली की दिवे मंद व्हायचे आणि कॉम्प्युटर माना टाकायचा, त्यामुळं तिचा सगळा सिनेमा गिरणीवाल्या महबूबभाईंच्या मर्जीवर चालायचा. मॉनिटरवर पीठ बसू नये म्हणून आईचं जुनं पातळ टाकलेलं. महबूबभाई खालून ओरडायचे, "अक्का, ज्वार आयी! बंद करो तुमारा पिच्चर!" ही वरून ओरडायची, "थोडा रुको जी, हिरोईन मरने को है!" आणि ते खरंच थांबायचे. डबे घेऊन आलेल्या बायका पण थांबायच्या. एखादी जिन्यापाशी येऊन विचारायची, "मेली का वो अक्का? घरी पोरं उपाशी हायती." "मेली, मेली. दळा आता."

वडील मराठी शाळेचे हेडमास्तर, भाऊ पुण्याला इंजिनिअर, घरात सगळी पगारी माणसं. ही तेवढी कुणाचीच नोकर नव्हती. गुलबर्ग्याला लग्नाच्या व्हिडिओंवर हात बसवला, मग हैदराबादला दखनी कॉमेड्यांच्या एडिटिंगला राहिली, तिथंच एका सासूचं काम करणारी बाई आली नाही म्हणून ही उभी राहिली, आणि सासू गाजली. परत बिदरला आली तेव्हा दोन्ही धंदे बरोबर घेऊन आली. गुलबर्ग्याची कन्नड शॉर्टफिल्म, उदगीरच्या पोरांचा मराठी सिनेमा, दखनीतल्या सासवा-सुना, सगळं त्या गिरणीच्या माडीवर कापलं जायचं. घरचे लोक पाहुण्यांना सांगायचे, "विजया कॉम्प्युटरचं काहीतरी करते." नटीचं काम करते हे सांगायचेच नाहीत. पाहुणे मोबाईलवर तिला बघून आलेले असायचे, ते पण बोलायचे नाहीत.

तिची कामाची रीत वेगळी होती. आलेलं सगळं फुटेज आधी आवाज बंद करून बघायची. बडीशेप चघळत, एक पाय खुर्चीवर घेऊन. "आवाज असला की माणूस शब्दाला फसतंय. मुकं बघितलं की तोंड खोटं बोलायलंय का खरं, ते कळतंय." आमच्या मोर्चाचं फुटेज घेऊन मी पहिल्यांदा गेले तेव्हा तिनं अख्ख्या घोषणा उडवल्या. मी चिडले.

"अक्का, घोषणाच मोर्चा असतोय!"

"घोषणा देताना सगळ्यांची तोंडं सारखीच दिसतेत, सुजे. त्यात मला माणूस कुठाय?"

घोषणांच्या जागी तिनं एक म्हातारा ठेवला. मोर्चाच्या कडेला बसून तो चपलेतला खडा काढतो, चप्पल घालतो आणि परत चालायला लागतो. बस, एवढंच. त्या म्हाताऱ्यापायी ज्यांनी आमची पत्रकं कधी हातात धरली नव्हती, ती माणसं कार्यालयात विचारत आली. त्या दिवसापासून आमचं सगळं फुटेज तिच्याकडं. ती काय करते हे विचारायचंही आम्ही सोडलं. कारण दुसरी रीत अशी, की काम पुरं झाल्याशिवाय ती कुणाला काही दाखवायची नाही. दिग्दर्शक रुसो, गिऱ्हाईक भांडो. "पडद्यावरच बघा," हे एकच उत्तर.

तिचा हात इतका सफाईचा, की लग्नात दारू पिऊन मांडवात भांडलेल्या एका काकाला तिनं अख्ख्या व्हिडिओतून नाहीसं केलं होतं. काका स्वतः माडीवर आला. "मी काय लग्नाला आलोच नव्हतो काय? पुतण्याला मीच घोड्यावर बसवलतो की!" अक्का शांतपणे म्हणाली, "काका, घोड्यावर बसवलं तवा तुम्ही नवऱ्याच्या बापाची गचांडी धरली होती. ठेवू का तेवढं?" काका जिना उतरून गेला.

तिसरी रीत मात्र मला तेव्हाच खटकायला पाहिजे होती. जे कापायचं ते ती त्याच दिवशी कायमचं पुसून टाकायची. डिस्क मोकळी लागते हे खरं. पण तिचं कारण ते नव्हतं. "टाकलेलं जवळ ठेवलं की हात अडायलाय. रोज वाटतंय, ते बरं होतं का काय. पुसलं की झोप लागती." भालकीच्या एका घरातली माणसं एकदा आली होती. लग्नात आजोबांनी गाणं म्हटलं होतं, बेसूर आणि लांबलचक. अक्कानं ते टाकलेलं. आजोबा वारले, आणि घरच्यांना ते गाणं हवं झालं. अक्का त्यांच्यासमोर मान खाली घालून बसली. आलेल्यांतल्या आजीचे पाय धरले तिनं. नंतर मी म्हटलं, आतातरी ठेवत जा. ती म्हणाली, "न्हाई गं. मग मला कापताच यायचं न्हाई."

आता सरूबाई.

सरूबाई औरादजवळच्या चिंताकीची, आमच्याच समाजातली, आमच्याच गल्लीतली. ती आणि तिचा नवरा दोघंही कोळारला एका कारखान्यात कंत्राटावर. वकिलांनी सांगितलंय म्हणून कारखान्याचं नाव लिहीत नाही. ती झाडलोट करायची, तो पडेल ते. मुकादमानं त्याला मागच्या अंगाची सांडपाण्याची टाकी साफ करायला आत उतरवलं. तोंडाला फडकं सुद्धा नाही. तो मेलेलाच वर आला. कारखान्याचं म्हणणं, हा माणूस आमच्याकडं कामाला नव्हताच. रस्त्यावर चक्कर येऊन पडलेला आम्ही दवाखान्यात नेला. सरूबाईला एकच गोष्ट हवी होती. तो आत मेला, रस्त्यावर नाही, एवढं कुणीतरी मानावं. "बेवारशी कुत्र्यावानी रस्त्यात मेला म्हंतेत," हेच ती परत परत बोलायची.

ते घडल्याच्याच आठवड्यात आम्ही तिला घेऊन कारखान्याच्या मागं गेलो. तिथल्या कुंपणाची भिंत एका जागी ढासळलेली होती. त्या भगदाडापाशी सरूबाई उभी राहिली. तिच्या खांद्यामागं ती टाकी, उघडी, काठावर दोर तसाच पडलेला. लग्नाचं शूटिंग करणाऱ्या इरफाननं कॅमेरा धरला. सरूबाई बोलली. रडली नाही. मध्येच तिनं नाक पुसलं, मध्येच पायाशी आलेल्या शेळीला "हाड" केलं आणि पुढं बोलली.

"मुकादम मन्ला, उतर, लगेच व्हतंय. म्या हितं झाडायलते. दोर हालायचा, मग हालंना गेला. म्या हाक मारली. मुकादम मन्ला, वरडू नको, सायेब जेवायलेत."

बस, एवढंच.

पुढच्याच आठवड्यात भिंत बांधून झाली. टाकी उखडून तिथं सिमेंट ओतलं, वर शेड टाकली. हे आम्हाला कळलं तेव्हा आम्ही एकमेकांच्या पाठीवर थापा मारल्या. कारण टाकी गेली तरी आमच्याकडं ती होती, सरूबाईच्या खांद्यामागं, काठावरच्या दोरासकट. फुटेज अक्काकडं होतं. अक्काकडं म्हणजे तिजोरीत.

अक्का एकदा चिंताकीला आली. सरूबाईशेजारी बसली, तिच्या हातचा चहा प्याली, तिच्याकडं बघत राहिली. जाताना म्हणाली, "सरूबाई, त्या दिवशीचं ते हिरवं लुगडं देशील का? एका शॉटला पायजे." सरूबाईनं घडी करून दिलं. मी तिथंच होते. मला वाटलं, लुगड्याचाच शॉट असेल, दोरीवर वाळत घातलेला वगैरे. अक्काला असलं सुचायचं.

गुलबर्ग्याला एका कॉलेजच्या सभागृहात अक्कानं त्या फुटेजचा केलेला सिनेमा आम्ही लावला. मुलं, वकील, पत्रकार, आणि सरकारनं चौकशीसाठी नेमलेला साहेब, सगळ्यांना आम्ही घरोघर जाऊन बोलावलं होतं. कारखान्याची दोन माणसं मागच्या रांगेत येऊन बसली. त्यांना कुणी बोलावलं नव्हतं. सरूबाई पहिल्या रांगेत, माझ्या शेजारी, आणि अक्का दाराजवळ उभी. स्वतःचं काम ती कधीच बसून बघायची नाही.

पडद्यावर भगदाड आलं. भिंतीपाशी हिरव्या लुगड्यातली बाई आली, बोलायला लागली. शब्द तेच. दोर हालायचा, मग हालंना गेला. सभागृहात कुणीतरी हुंदका दिला. बाईचे ओठ थरथरले, एक थेंब डोळ्यात अडकला आणि "सायेब जेवायलेत" या शब्दाबरोबर बरोबर गालावर उतरला. मीही डोळे पुसले. तेवढ्यात सरूबाईनं माझा दंड धरला.

"ही कोन गं?"

मी बघितलं.

"माझं लुगडं कामून नेसलीय ही?"

ती विजयाअक्का होती. तोंडाला सावळी पावडर लावलेली, दंडावर गोंदण काढलेलं, केस तेल न लावता पिंजारलेले. भिंत दुसऱ्याच कुठल्या पडक्या गोडाऊनची होती. तिच्या खांद्यामागं टाकी नव्हती, आभाळ होतं.

लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. सरूबाई बसून होती. तिच्याकडं कुणी बघत नव्हतं, कारण ती कोण हे कुणाला माहीतच नव्हतं. ज्यांना सरूबाईला भेटायचं होतं, ते दाराजवळ अक्काभोवती गोळा झाले होते. शेवटच्या पाटीवर बारीक अक्षरात अक्काचं नाव होतं, अभिनय म्हणून. तिनं लपवलं नव्हतं. कारखान्याच्या माणसांनी तेवढी पाटी मोबाईलमध्ये टिपून घेतली.

दुसऱ्या दिवशी मी गिरणीचा जिना चढले.

"अक्का, सरूबाई कुठाय?"

"हाय की. अख्खी हाय. एक शब्द बदलला न्हाई मी."

"आणि तोंड?"

"तोंड टिकत न्हवतं गं पडद्यावर. मुकं बघितलं, लई येळा बघितलं. काहीच होत न्हवतं त्या तोंडावर. नाक पुसायलीय, शेळी हाकलायलीय. लोकांनी मोबाईल काढले असते."

"काढू दे की! नवरा मेला तिचा. तिनं कसं रडायचं ते तू शिकवणार?"

"मी तिच्यासाठीच केलंय. सभागृह रडलं का न्हाई? तुझ्या पत्रकानं रडलं असतं?"

"तुला रडलेलं पायजे होतं. तिला मानलेलं पायजे होतं."

मी पुढं बोलले, आणि त्यातलं एकही वाक्य मी मागं घेत नाही. मी म्हटलं, हेडमास्तरांच्या घरातली बाई आमच्या बाईचा रंग डबीतून काढून लावते, आणि आमच्या बाईच्या खऱ्या तोंडाला नापास करते. शाळेत तुमच्या घरच्यांनी आमच्या किती पोरांना असंच नापास केलं असेल. अक्काचं तोंड पडलं. बडीशेपेची डबी उघडून तिनं परत बंद केली.

"पहिलं फुटेज दे," मी म्हटलं.

खाली गिरणी सुरू झाली. मॉनिटर विझला. अक्का विझलेल्या मॉनिटरकडंच बघत राहिली आणि मला उत्तर कळलं.

इरफानच्या कार्डावर त्यानंतर तीन-चार लग्नं होऊन गेली होती. हैदराबादला एका दुकानात अक्का स्वतः डिस्क घेऊन गेली, दोन दिवस दुकानाच्या पायरीवर बसली. काही निघालं नाही. त्या सिनेमातलं काम बघून तिला बेंगळूरहून एका मोठ्या सिनेमात घेतलं, हे त्याच महिन्यातलं. तिनं मला विचारलं, "जाऊ का?" मी म्हटलं, "जा की. सरूबाईनं कमावून दिलंय." ती गेली.

कारखान्यानं चौकशीत लिहून दिलं, की संघटनेनं नटी उभी करून बनाव केला आहे. साहेबानं सरूबाईला बोलावलं. आम्ही तिला आठ दिवस समजावत होतो. ती एकच बोलायची, "माझं बोलून झालंय. ती बोलली की. माझ्यापरीस चांगलं बोलली." मी हात जोडले तेव्हा यायला तयार झाली, बोलायला नाही.

त्या दिवशी साहेबाच्या बिदरच्या ऑफिसात पोचलो तर बाकावर विजयाअक्का. कुणी बोलावलं नव्हतं. बेंगळूरहून रात्रभर बसून आली होती, तोंड सुजलेलं, साडी चुरगळलेली. सरूबाईनं तिच्याकडं बघितलं आणि भिंतीकडं तोंड केलं.

आत साहेबानं सरूबाईला विचारलं, काय पाहिलं ते सांगा. सरूबाईनं अक्काकडं बोट दाखवलं. "तिलाच इच्यारा. तिला पाठ हाय."

अक्का उठली. म्हणाली, "साहेब, मी जे पुसलं त्यात काय होतं ते सांगते." आणि तिनं सांगितलं. टाकी डावीकडं, झाकण नाही, काठावर निळा दोर, त्याला एक गाठ. मग सरूबाईचे शब्द. सरूबाई जिथं थांबली होती तिथं थांबून, आवाज न चढवता. नाक पुसलं. न दिसणाऱ्या शेळीला "हाड" केलं. डोळे कोरडे होते. मी त्या भगदाडापाशी हजर होते. मी शपथेवर सांगते, हे तसंच्या तसं होतं. सरूबाईनं भिंतीकडचं तोंड वळवलं आणि पहिल्यांदा नीट बघितलं तिच्याकडं.

साहेब खुर्चीत मागं टेकला. खूश झाला होता.

"छलो माडतीर्री मेडम," म्हणाला. छान करता. मग आमच्याकडं वळून, "पण मी काल जागा बघून आलो. तिथं सिमेंट आहे. टाकी कुठं आहे?"

अक्का म्हणाली, "साहेब, हे मी केलं न्हाई. हे तिचं हाय."

"हां हां. म्हणूनच तर म्हणतो, अगदी खरं वाटतंय." त्यानं कागद गोळा केले.

बाहेर आल्यावर सरूबाई थांबलीच नाही, सरळ फाटकाकडं निघाली. औरादची गाडी धरायची होती. मी तिच्या मागं जाताना अक्कानं माझा हात धरला.

"सुजे, मी आत्ता ॲक्टिंग करायलते का गं? तुला तर कळलं न्हवं?"

मला कळलं होतं. मी हात सोडवून घेतला. तिला हवं ते उत्तर द्यायला मी बांधील नाही.

फाटकातून मागं बघितलं तेव्हा ऑफिसचा शिपाई पळत तिच्याकडं आला होता. "मॅडम, तुमे वो सासवाले पिच्चरमें हैं ना? हमारी घरवाली देखती जी. एक फोटो!" अक्का पायरीवर उभी होती, पदरानं डोळे पुसत. तिनं नको म्हणायला हात वर केला. मग तोच हात शिपायाच्या खांद्यावर ठेवून तिनं त्याला सावलीतून दोन पावलं पुढं घेतलं, मान किंचित उजेडाकडं वळवली, आणि हसली. पहिल्याच टेकला, अगदी बरोबर.